देवळाच्या जागेला कुंपण घालताय? आधी कार्डावर धारक कोण ते बघा

नमस्कार मंडळी. "गावदेवीच्या देवळामागे मोकळी जागा आहे, कमी पैशात कुंपण कसं घालू?" हा प्रश्न गेल्या व्हिडिओखाली इतक्यांदा आलाय की आज तेवढ्यावरच बोलू. पण माझा उलट प्रश्न: मिळकत पत्रिकेवर, म्हणजे प्रॉपर्टी कार्डावर, 'धारक' कोण आहे?

"ट्रस्ट रजिस्टर्ड आहे हो!" असू दे. मुंबईत वरळीला धर्मादाय आयुक्तांकडे ट्रस्टची नोंद असते. कार्डावरचं धारकाचं नाव तिथे बदलत नाही. दप्तरं दोन आहेत, आणि ती एकमेकांना काही कळवत नाहीत.

कार्ड काढणं सोपं आहे. मुंबई उपनगरात असाल तर न.भू.क्र. (नगर भूमापन क्रमांक), ज्याला सगळे सीटीएस नंबर म्हणतात, तो घेऊन महाभूलेख या सरकारी संकेतस्थळावर जा. माहीम-सायनच्या अलीकडे, शहरात असाल तर सी. एस. नंबर लागतो आणि कार्यालयही वेगळं.

आता जुन्या कार्डावर बऱ्याचदा काय निघतं? देवाचं नाव नाही, ट्रस्टचं नाही. कुणा जुन्या पुजाऱ्याचं किंवा विश्वस्ताचं, तेही 'विश्वस्त' हा शब्द न लावता. तो माणूस सज्जन असेल. पण तो वारला की मुलं वारसनोंद लावतात, आणि 'नवीन धारक' रकान्यात घरातली पाच नावं चढतात. कुणी लबाडी केलेलीच नसते, जागा मात्र कागदावर घरगुती झाली.

हेच दुसऱ्या बाजूने बघा. फुलवाल्याला गाळा खाली करायची नोटीस ट्रस्टने दिली. त्याचा वकील पहिलं कार्ड काढतो आणि विचारतो, तुम्ही कोण?

तिसरी बाजू म्हणजे शेजारचा पुनर्विकास. बिल्डरचा माणूस कार्डावरच्या नावाचं घर शोधत जातो, देवळात येत नाही.

कायद्याने देव ही व्यक्ती आहे, आणि कायमची अज्ञान, म्हणजे अल्पवयीन. मध्य प्रदेशातल्या खटल्यात 2021 साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं: मालकाच्या रकान्यात देवाचं नाव, पुजारी फक्त व्यवस्थापक.

दुरुस्तीला धर्मादाय कार्यालयातून परिशिष्ट 1 चा, म्हणजे ट्रस्टच्या नोंदवहीचा, प्रमाणित उतारा घ्या. त्यात जागा नोंदलेली असेल तर तो जोडून नगर भूमापन कार्यालयात अर्ज करा. अर्ज अडतो तो नंबरांवर: उताऱ्यात जुना सर्व्हे नंबर आणि हिस्सा, कार्डावर न.भू.क्र. दोन्ही एकाच जागेचे आहेत हे दाखवणारा कागद भूमापनकडूनच मागून सोबत लावा. परिशिष्टात जागाच नसेल, तर आधी सार्वजनिक विश्वस्त कायद्याच्या कलम 22 चा बदल अर्ज. विश्वस्त वारले, नवे आले, तरी हाच अर्ज, 90 दिवसांत. मुदत गेली असेल तर विलंबमाफीचा अर्ज सोबत द्या. विश्वस्तांच्या यादीत दिवंगत माणसं राहिली की सही कुणाची, इथेच गाडी थांबते.

गाळे? 11 महिन्यांचा लीव्ह अँड लायसन्स करार (भाडेकरूचा हक्क न देता फक्त वापराची परवानगी), नोंदणी करून. नोंदणी नसेल तर अटींबाबत गाळेवाल्याचं म्हणणं ग्राह्य धरलं जातं, उलट सिद्ध करणं तुमच्यावर येतं. पावतीवर 'भाडे' लिहू नका. इमारत किंवा बिगरशेती जागा 3 वर्षांपेक्षा जास्त भाडेपट्ट्याने द्यायची, किंवा विकायची, तर त्याच विश्वस्त कायद्याच्या कलम 36 खाली आयुक्तांची पूर्वपरवानगी हवी. "सगळ्या विश्वस्तांनी सही केलीय" म्हणणाऱ्यांनो, शंभर सह्या करा, परवानगीची जागा त्या घेत नाहीत.

आता कुंपण. आधी हद्द कायम मोजणी, म्हणजे सरकारी मोजणीने सीमा पक्क्या करून घेणं, मग खड्डे. मोजणीशिवाय घातलेलं कुंपण अर्धा फूट पलीकडे गेलं की शेजारी कोर्टात. सात फुटी खांब, दोन फूट जमिनीत, दर आठ फुटांवर एक. कोपऱ्याच्या खांबांना तिरके आधार द्या, नाहीतर तार ताणली की तेच आधी वाकतात. पैसे कमी असतील तर यंदा चार कोपरे आणि रस्त्याची बाजू करा, उरलेलं पुढच्या वर्षी.

सीसीटीव्ही मात्र आत्ता नको. त्याऐवजी एका सेवेकऱ्याला दर महिन्याला चारही कोपऱ्यांचे तारखेसह फोटो काढायला सांगा. बेकायदा ताबा झाला तर 6 महिन्यांच्या आत दावा लावून तो परत मागता येतो, आणि त्या दाव्यात मालकी सिद्ध करावी लागत नाही. एवढ्या एकाच ठिकाणी तो धारकाचा रकाना आड येत नाही. पण ताबा कुठल्या महिन्यात गेला, हे त्या फोटोंवरूनच दाखवावं लागेल.