तोंड नसलेला कृमी जेवतो कसा?

श्रोतेहो, नमस्कार.

१९७७ च्या फेब्रुवारीत प्रशांत महासागरात, गॅलापागोस बेटांच्या परिसरात, 'अल्विन' ही छोटी पाणबुडी सुमारे अडीच हजार मीटर खोल उतरली. सागरतळाच्या भेगांतून वर येणारे ऊन पाणी शोधायला गेलेल्या भूवैज्ञानिकांना ते पाणी सापडलेच, शिवाय त्याच्याभोवती शिंपल्या, खेकडे आणि लाल तुऱ्यांचे लांबलचक कृमी यांची दाट वस्तीही दिसली. मोहिमेवर एकही जीवशास्त्रज्ञ नव्हता. वर आणलेल्या पाण्याचे नमुने उघडताच कुजक्या अंड्यांचा वास सुटला. हा वास, म्हणजेच हायड्रोजन सल्फाइड वायू, आपण कृपया लक्षात ठेवावा.

आता त्या कृमीविषयी. पांढऱ्या नळीत राहणारा हा प्राणी दोन मीटरपर्यंत वाढतो; पण त्याला तोंड नाही आणि आतडे नाही. पुन्हा सांगतो, तोंड नाही आणि आतडे नाही. मग एवढा देह पोसला जातो कशावर?

या प्रश्नाच्या उत्तराची हकीकत मला फार प्रिय आहे. १९८० साली स्मिथसोनियन संस्थेतील कृमितज्ज्ञ मेरेडिथ जोन्स हे हार्वर्ड विद्यापीठात या प्राण्यावर व्याख्यान देत होते. कृमीच्या पोकळीत भरलेल्या मऊ ऊतकाचे वर्णन करताना, त्यात आपल्याला गंधकाचे स्फटिक आढळले, असे त्यांनी सांगितले. श्रोत्यांत कॉलीन कॅव्हॅनॉ नावाची पदव्युत्तर विद्यार्थिनी बसली होती. व्याख्यान संपण्याची वाट न पाहता ती उभी राहिली आणि म्हणाली की, हे तर उघड आहे, या कृमीच्या शरीरात गंधकावर जगणारे जिवाणू असलेच पाहिजेत! असे जिवाणू असतात, हे विनोग्राड्स्की या रशियन शास्त्रज्ञाने १८८० च्या दशकातच दाखवून दिले होते; परंतु एखादा प्राणी त्यांना आपल्या शरीरात बिऱ्हाड देऊन त्यांच्याच जिवावर जगत असेल, ही कल्पना नवी होती. जोन्स यांना ती लगेच पटली नाही. तरीही त्यांनी त्या ऊतकाचा नमुना तिला तपासायला दिला, हा त्यांचा मोठेपणा मला तिच्या धिटाईइतकाच महत्त्वाचा वाटतो. सूक्ष्मदर्शकाखाली ते ऊतक जिवाणूंनी खच्चून भरलेले निघाले, आणि १९८१ साली 'सायन्स' या नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या निबंधावर विद्यार्थिनीचे आणि जोन्स यांचे, अशी दोघांचीही नावे होती. आपल्याकडे वर्गात 'शंका शेवटी विचारा' असे बजावले जाते, ते थांबावे, असे माझे स्पष्ट मत आहे. तास संपेपर्यंत अर्ध्या शंका विरून जातात.

तर व्यवहार असा चालतो. तुऱ्यातील हिमोग्लोबिन पाण्यातून प्राणवायू आणि सल्फाइड दोन्ही उचलते, रक्त ते जिवाणूंपर्यंत पोहोचवते, आणि सल्फाइडच्या ज्वलनातून मिळालेल्या ऊर्जेवर जिवाणू कार्बन डायऑक्साइडपासून अन्न तयार करतात. हेच रसायनसंश्लेषण. वनस्पती जे काम उन्हाच्या बळावर करतात, ते हे जिवाणू त्या कुजक्या वासाच्या वायूच्या बळावर करतात.

'सूर्याशी संबंध नसलेली सृष्टी' असे हिचे वर्णन अनेकदा वाचायला मिळते, आणि ते मला खटकते. सल्फाइड जाळायला लागणारा प्राणवायू वरच्या हिरव्या सृष्टीनेच पाण्यात सोडलेला असतो. हायड्रोजन आणि कार्बन डायऑक्साइड यांच्यापासून मिथेन बनवणाऱ्या तिथल्या सूक्ष्मजीवांना मात्र त्या प्राणवायूचीही गरज नसते.

हे झरे कायमचे नसतात. मेक्सिकोच्या दक्षिणेस प्रशांत महासागराच्या तळाशी १९९१ साली लाव्हा उसळला, तेव्हा तिथली वस्ती गाडली गेली; डिसेंबर १९९३ पर्यंत त्याच जागी दीड मीटर लांबीचे कृमी उभे होते.

आपल्या हिंदी महासागरातही असे झरे आहेत. गोव्यातील वास्को येथील राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्र आणि चेन्नईची राष्ट्रीय महासागर तंत्रज्ञान संस्था यांच्या शास्त्रज्ञांनी २०२४ च्या डिसेंबरात सुमारे साडेचार हजार मीटर खोलीवरील एका जागत्या झऱ्याचे छायाचित्र मिळवले. हिंदी महासागराच्या अशा झऱ्यांवर एक गोगलगाय राहते, जिच्या पायावर लोहाच्या सल्फाइडने मढलेले खवले असतात. तिला तोंड आहे. पण तिची पचनसंस्था अगदी लहान आहे, आणि अन्ननलिकेला लागून असलेल्या मोठ्या ग्रंथीत तिनेही जिवाणूच पाळले आहेत.