एका फोनने मिटणारं प्रेम

नमस्कार मंडळी! परवा घरी एक रोमँटिक कॉमेडी लावली होती. मध्यंतरानंतर नायक-नायिकेत गैरसमज झाला, दोघं बोलेनासे झाले, आणि सोफ्यावरून आजी म्हणाली, "अगं, फोन लाव की त्याला!" झालं. पुढचा तासभर आम्ही पोह्यांवर जिरावन मसाला भुरभुरवत बसलो. इंदूरचं घर आहे, दुसरं काय करणार?

पण आजीने नेमकं दुखणं पकडलं. या सिनेमांचा शेवट पोस्टरवरच छापलेला असतो. दोघांचं जुळणार हे ठाऊक असूनही आपण बसतो, ते इतका वेळ का जुळत नाही हे बघायला. म्हणून अडचण खणखणीत हवी.

आपल्या शेजारचं रतलामच घ्या. 'जब वी मेट', २००७. गाडी सुटायला आलीय आणि नायिका गीत पाण्याच्या बाटलीच्या भावावरून हुज्जत घालतेय. गेली गाडी! नुसती चुकली असती तर तो योगायोग झाला असता. भांडत बसली म्हणून चुकली, हा तिचा स्वभाव. हसू तिथूनच येतं आणि गोष्टही तिथूनच पुढे सरकते. विनोदासाठी वेगळा विसरभोळा मित्र लागत नाही. (त्या मित्राचा मला भयंकर कंटाळा आहे, भिया.) आणि खरी अडचण? ती दुसऱ्याशी लग्न करायला निघालीय आणि नायक आदित्य तिला सोबत करतोय. आता लावा फोन!

'मुंबई-पुणे-मुंबई'त, २०१० साली, खलनायक नाही, कटकारस्थान नाही. मुलगी पुण्याला येते तीच मुळी स्थळाला नकार द्यायला. अडचण ती मनात घेऊनच आलीय. मग दिवसभर नुसत्या गप्पा, तरी आपण हलत नाही.

याहून जुना नमुना १९३४ चा, 'इट हॅपन्ड वन नाइट'. लग्न न झालेली दोघं एका खोलीत, मध्ये दोरीवर टाकलेलं ब्लँकेट. बस्स. भिंत म्हणावी तर फुंकरीने हलेल, पण दोघांचा ताठा असा की ती पडत नाही. सिनेमा, दिग्दर्शन, नट, नटी, पटकथा, पाचही मोठे ऑस्कर त्याने नेले.

तर तुमच्या आवडत्या सिनेमाला आजीची परीक्षा लावा आणि खाली लिहा, फोनने मिटलं असतं की नाही. कमेंट आजीच वाचणार आहे, चष्मा सापडला की.