मामांचा चष्मा

श्रोतेहो, नमस्कार.

मामा वर्तमानपत्र वाचायला बसतात आणि नेमका चष्मा जागेवर नसतो. उशी उचलून होते, खिसे चाचपून होतात, आणि या शोधात सर्वांत मनापासून मदत करत असते ती पाच वर्षांची भाची, जिने तो स्वतःच्या दप्तरात दडवलेला असतो. “मामा, तू मघाशी गच्चीवर गेला होतास ना?” असे ती साळसूदपणे विचारते खरी, पण ओठ कितीही घट्ट मिटले तरी हसू गालांत मावत नाही.

हीच खोडी तीन वर्षांच्या मुलाला सहसा पार पाडता येत नाही. चष्मा तोही लपवतो, मात्र मामांनी “कुठे गेला बरे?” म्हणताच “दप्तरात नाहीये!” असे सांगून मोकळा होतो. आपल्याला जे ठाऊक आहे ते समोरच्याला ठाऊक नसू शकते, हेच त्याला अजून उमगलेले नसते. 1983 साली विमर आणि पेर्नर या मानसशास्त्रज्ञांनी मुलांना एक गोष्ट सांगितली: एक मुलगा कपाटात चॉकलेट ठेवून बाहेर जातो, त्याच्यामागे आई ते दुसऱ्या कपाटात ठेवते, परतल्यावर तो ते कुठे शोधेल? तीन वर्षांची मुले चॉकलेट आता जिथे आहे तीच जागा दाखवत, तर चौथ्या वर्षानंतर अचूक उत्तर देणारी मुले वाढत गेली. याचा अर्थ, खोडी साधली म्हणजे दुसऱ्याच्या मनात डोकावणे साधले. म्हणून मला तरी अशा वेळी रागावण्याआधी कौतुकच वाटते.

अर्थात, बसणाऱ्याच्या मागून खुर्ची ओढली जाते तेव्हा कौतुक बाजूला ठेवावे लागते. मामा दचकतील एवढेच मुलाला दिसते. माकडहाडाला लागेल, हे दिसत नाही. तिथे स्पष्ट शब्दांत थांबवणेच योग्य.

आणि खोडीसाठी मामाच का? अनोळखी पाहुण्याचा चष्मा मुले सहसा लपवत नाहीत. ज्याचा राग लटका असेल याची खात्री असते, त्याचीच खोडी काढली जाते.

आता राहिले मामा. दप्तराच्या फटीतून डोकावणारी चष्म्याची काडी त्यांनी केव्हाच पाहिलेली असते, तरी ते पलंगाखाली वाकून पाहत राहतात. मामांना कळले आहे हे आपल्यालाच कळलेले नाही, असा दुहेरी पेच सुटायला भाचीला आणखी एक-दोन वर्षे लागतील. तोवर ती पलंगाच्या दुसऱ्या बाजूने वाकून तितक्याच गंभीरपणे म्हणते, “इथेही नाही, मामा.”