बँड मैदानात आला!

नमस्कार श्रोतेहो!

अमेरिकेतल्या कॉलेज फुटबॉलच्या जुन्या फिल्म्स बघताना मला एक खोड लागली आहे. चेंडू सोडून कडेला कोण कोण दिसतंय, ते बघत बसायचं. (तिकडचा फुटबॉल म्हणजे लांबट चेंडू काखेत मारून पळायचा खेळ, आपला नव्हे.) खेळाडूंचं नाव-गाव, नंबर सगळं नोंदलेलं असतं. कडेच्या माणसांना कोण विचारतो?

१९०३ सालची प्रिन्स्टन आणि येलची मॅच एडिसन कंपनीने टिपली होती. प्रिन्स्टन ११-६ ने जिंकलं. तेव्हा तिकडच्या कॉपीराइट कायद्यात सिनेमा बसतच नव्हता, म्हणून कंपन्या फिल्ममधलं एकेक चित्र कागदाच्या पट्टीवर छापायच्या आणि ‘फोटो’ म्हणून नोंदवायच्या. त्या काळच्या कितीतरी मूळ फिल्म्स जळाल्या, कुजल्या. कागद मात्र लायब्ररी ऑफ काँग्रेसमध्ये, म्हणजे तिकडच्या राष्ट्रीय ग्रंथालयात, टिकून राहिला. कायद्यातल्या त्या भोकापायी गॅलरीतली गर्दीसुद्धा तगली, निव्वळ नशिबाने.

पण कडेच्या माणसांनी मॅचच खाऊन टाकली, ती २० नोव्हेंबर १९८२ रोजी, बर्कलीत. कॅलिफोर्निया विरुद्ध स्टॅनफर्ड. स्टॅनफर्ड २०-१९ ने पुढे, घड्याळात चार सेकंद. किकऑफचा, म्हणजे डाव सुरू करायला स्टॅनफर्डने लाथाडलेला, चेंडू कॅलिफोर्नियाच्या पोरांनी पळता पळता मागे, आडवा फेकत पाच वेळा एकमेकांच्या हवाली केला. मध्येच चेंडूवाला एक गडी घेरला गेला; तो खाली पडला की डाव खलास. झालं, संपली मॅच, असं समजून स्टॅनफर्डचा बँड मैदानात घुसला. लाल कोट, पांढऱ्या टोप्या, हातात वाद्यं. शिट्टी मात्र वाजलीच नव्हती!

आता फिल्म नीट बघा. केव्हिन मोएन चेंडू घेऊन त्या लाल कोटांत शिरतो. ज्यांच्या ध्यानात येतं ते बाजूला होतात, बाकीच्यांना पत्ताच नाही. गोलरेषेपलीकडे तो उंच उडी मारतो आणि उतरतो तो थेट एका ट्रॉम्बोनवाल्यावर (ट्रॉम्बोन म्हणजे लांब नळीचं पितळी फुंकवाद्य). पोरगं भुईसपाट. चेंडू गोलरेषेपार गेल्याचे सहा गुण, कॅलिफोर्निया २५-२०!

केजीओ रेडिओवर समालोचक जो स्टार्की तेव्हा ओरडत होते, ‘बँड मैदानात आलाय!’ आज ती दृश्यं दाखवताना बहुतेक वेळा त्यांचाच आवाज लावतात. चित्र टीव्हीचं, जीव रेडिओचा. आम्हा रेडिओवाल्यांना तेवढीच मिशीवर ताव मारायची संधी!

त्या दिवशी स्टॅनफर्डकडून जॉन एल्वे खेळत होता, पुढे व्यावसायिक फुटबॉलमध्ये फार मोठा झालेला. कॉलेज फुटबॉलच्या हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे थोर खेळाडूंच्या सन्मान-संग्रहालयात, त्याला जागा मिळाली २००० साली, अख्ख्या कॉलेजच्या कारकिर्दीवर. तो चेपलेला ट्रॉम्बोनही त्याच हॉल ऑफ फेममध्ये जाऊन बसला. त्याला एक धडक पुरली.