निघेल कसा? खोट्या पापण्यांच्या गोंदाविषयी

(दृश्य: एकच डोळा, अगदी जवळून. पापणी लवते.)

मिनिटाला साधारण १५ वेळा ही पापणी लवते. तिची त्वचा आपल्या अंगावरची सगळ्यात पातळ, जेमतेम अर्धा मिलिमीटर. आता तिच्या कडेकडे पाहा. केसांच्या मुळांच्या लगेच मागे बारीक छिद्रांची एक ओळ दिसेल. वरच्या पापणीत अशी २५ ते ४० छिद्रं असतात. ही मायबोमियन ग्रंथींची तोंडं. त्यांच्यातून झिरपणारं तेल अश्रूंवर पसरतं, म्हणून अश्रू लगेच उडून जात नाहीत आणि डोळा ओला राहतो.

खोटी पापणी आपण चिकटवतो ती या ओळीला खेटून.

(दृश्य: टेबलावर वेगवेगळ्या गोंदाच्या बाटल्या आणि ट्यूब.)

गोंद विकत घेताना सगळे विचारतात, "टिकेल ना?" घाम आला, डोळ्यांत पाणी आलं, रात्रभर जागायचं असलं, तर टिकेल ना? प्रश्न रास्त आहे. पण मी इतरांच्या डोळ्यांना हात लावते, त्यामुळे माझ्या मनात त्याच्या आधी दुसरा प्रश्न येतो. हा गोंद निघेल कसा? कशाने निघेल, किती वेळात निघेल, आणि निघताना सोबत काय घेऊन जाईल? याचं उत्तर बाटलीवर सापडत नसेल, तर ती बाटली मी परत ठेवते.

(दृश्य: मूकपटाच्या काळातलं रंगभूषेचं आरसे असलेलं टेबल.)

गोष्ट १९१६ सालच्या एका अमेरिकी मूकपटाची. दिग्दर्शक डी. डब्ल्यू. ग्रिफिथ यांना नायिकेच्या पापण्या गालांवर टेकतील इतक्या लांब हव्या होत्या. टोप बनवणाऱ्या कारागिराने केसांच्या पट्ट्या विणल्या आणि अभिनेत्री सीना ओवेन यांच्या पापण्यांवर त्या स्पिरिट गमने चिकटवल्या. स्पिरिट गम म्हणजे दाढी-मिशा लावायचा, अल्कोहोलसारख्या द्रावकात विरघळवलेला राळेचा गोंद. एके सकाळी ओवेन स्टुडिओत आल्या तेव्हा त्यांचे डोळे सुजून जवळजवळ मिटले होते. त्यांच्याच काळातल्या अभिनेत्री लिलियन गिश यांनी ही आठवण लिहून ठेवली आहे.

तो गोंद वाईट नव्हता. गालावर, हनुवटीवर तो आजही उत्तम काम करतो. फक्त तो डोळ्यासाठी केलेला नव्हता. आणि राळ हा ॲलर्जी आणणारा जुना, ओळखीचा पदार्थ आहे. लेबलवर रोझिन किंवा कोलोफनी या नावांनी ती आजही भेटते.

(दृश्य: पांढरा, दुधासारखा गोंद पट्टीवर लावला जातो. हळूहळू तो पारदर्शक होतो.)

आज पट्टीच्या पापण्यांसाठी मिळणारे बहुतेक गोंद पाण्यातले असतात. पाण्यात चिकट पदार्थाचे सूक्ष्म कण तरंगत असतात, म्हणून गोंद दुधाळ दिसतो. पाणी उडालं की कण एकमेकांत मिसळून त्यांचा लवचिक पापुद्रा होतो आणि रंग जातो. गोंद लावल्यावर अर्धा-एक मिनिट थांबायला सांगतात ते यासाठीच. ओला गोंद घसरतो, पापणीच्या कडेवरून डोळ्यात उतरतो. थोडा सुकलेला गोंद जागेवर बसतो आणि कमी पुरतो. घाई करणाऱ्यांना वाटतं गोंद कच्चा आहे. मग ते आणखी लावतात, आणि सगळा त्रास तिथून सुरू होतो.

हे कण कशाचे, यावर बरंच काही ठरतं. काही गोंदांत ते रबराच्या झाडाच्या चिकाचे असतात. नैसर्गिक लेटेक्स. त्यातल्या प्रथिनांची काहींना ॲलर्जी असते, आणि ती काही मिनिटांतच दिसू शकते: खाज, लाली, सूज, क्वचित श्वासाला त्रास. ज्यांना रबरी हातमोजे किंवा फुगे सोसत नाहीत, त्यांनी हा गोंद घेऊच नये. केळं, ॲव्होकाडो किंवा किवी खाल्ल्यावर तोंडाला खाज सुटत असेल, तर त्यांनीही जपावं. या फळांतली काही प्रथिनं लेटेक्समधल्या प्रथिनांसारखी असतात आणि शरीर दोन्हींना सारखंच ओळखतं. शिवाय चीक गोठू नये म्हणून त्यात अमोनिया घालतात. बाटली उघडताच नाकात जाणारा उग्र वास बऱ्याचदा त्याचा असतो.

इथे एका शब्दाने फार घोळ होतो. रसायनशास्त्रात अशा कोणत्याही दुधाळ मिश्रणाला लेटेक्स म्हणतात, मग त्यात रबराचा चीक असो वा नसो. म्हणजे "ॲक्रिलिक लेटेक्स" असं लिहिलेल्या गोंदात रबराची प्रथिनं नसतात. उलट, पुढच्या बाजूला काहीच न लिहिलेल्या बाटलीच्या पाठीवर बारीक अक्षरांत "रबर लेटेक्स" किंवा रबराच्या झाडाचं लॅटिन नाव, "हेविया ब्रासिलिएन्सिस", असू शकतं. म्हणून बाटलीची पाठ वाचायची. भिंग घ्यावं लागलं तरी.

आणि लेटेक्स नाही म्हणजे ॲलर्जी नाही, असंही नाही. पाण्यातला गोंद कुजू नये म्हणून संरक्षक घालावा लागतो. काही संरक्षक हळूहळू फॉर्माल्डिहाइड हा ॲलर्जी आणणारा वायू सोडतात. डीएमडीएम हायडँटॉइन, इमिडाझोलिडिनिल युरिया, क्वाटर्नियम-१५. नावं अवघड आहेत, पण लक्षात ठेवण्यासारखी आहेत, कारण शाम्पू आणि क्रीममध्येही तीच असतात. एखाद्या क्रीमने पूर्वी पुरळ आलं असेल तर त्याचं आणि गोंदाचं लेबल शेजारी ठेवून पाहा.

(दृश्य: छोटी काळी बाटली. चिमट्याने एकेक केस उचलला जातो.)

ही बाटली मात्र वेगळ्याच घराण्यातली.

एक्स्टेन्शनसाठी, म्हणजे आपल्या एकेका केसावर एकेक खोटा केस लावण्यासाठी जो गोंद वापरतात, तो सायनोॲक्रिलेट. झटपट चिकटणारा घरगुती गोंद याच घराण्यातला. १९४२ साली ईस्टमन कोडॅकमधले रसायनतज्ज्ञ हॅरी कूव्हर बंदुकीच्या नेमासाठी पारदर्शक प्लास्टिक शोधत होते. हाती आलेला पदार्थ हात लावील त्याला चिकटायचा, म्हणून त्यांनी तो बाजूला ठेवला. १९५१ साली पुन्हा त्याच्याकडे लक्ष गेलं, आणि १९५८ मध्ये तो गोंद म्हणून बाजारात आला.

हा सुकून घट्ट होत नाही. त्याला ओलावा लागतो. हवेतली वाफ, त्वचेवरचा दमटपणा मिळाला की त्याचे रेणू साखळीने जोडले जातात. आता डोळ्याइतकी ओली जागा दुसरी कोणती? म्हणूनच हा गोंद फक्त केसाला लागला पाहिजे, कातडीपासून थोडं अंतर राखून, आणि तोही मिटलेल्या डोळ्यांवर, शिकलेल्या हातांनी. डोळे उघडे राहिले तर त्याची वाफच झोंबते. बंद खोलीत रोज हे काम करणाऱ्यांना या वाफेने दमा होऊ शकतो. ग्राहकाच्या काळजीत त्यांचा विचार कुणी करत नाही, म्हणून इथे मुद्दाम सांगते: खेळती हवा ही दोघींची गरज आहे.

बाटलीवर "मेडिकल ग्रेड" लिहिलेलं दिसेल. त्यामागे थोडं तथ्य आहे. सायनोॲक्रिलेटचे प्रकार रेणूच्या शेपटीवरून ओळखले जातात. एथिलची शेपूट आखूड: तो झटकन धरतो, पण कडक होतो, आणि विघटन होताना त्यातून फॉर्माल्डिहाइड सुटतं. ऑक्टिलची लांब: तो सावकाश धरतो, लवचिक राहतो, त्रास कमी देतो. अमेरिकेच्या औषध प्रशासनाने १९९८ साली जखमा बंद करायला मान्यता दिली ती ऑक्टिलला. पण डॉक्टरांच्या हातातला तो गोंदही डोळ्यात जाऊ देऊ नका, अशी सूचना असतेच. सौंदर्यप्रसाधनाच्या बाटलीवरच्या "मेडिकल ग्रेड"ला तशा परवानगीचा आधार नसतो.

"हायपोॲलर्जेनिक" या शब्दाचंही तेच. १९७५ साली अमेरिकेत नियम झाला, की हा शब्द छापायचा तर आधी चाचण्या करून दाखवा. उत्पादक कोर्टात गेले आणि १९७७ साली नियम रद्द झाला. तेव्हापासून तिथे हा शब्द ज्याला जसा हवा तसा वापरता येतो. आपण मात्र तो वाचून निर्धास्त होतो.

(दृश्य: कोपराच्या आतल्या बाजूला गोंदाचा ठिपका.)

खात्री करायची तर स्वतःच्या त्वचेवर. पट्टीच्या गोंदाचा टाचणीच्या डोक्याएवढा ठिपका कोपराच्या खोबणीत किंवा कानामागे लावा आणि ४८ तास वाट पाहा. एक तास पुरत नाही, कारण संपर्काने येणारी ॲलर्जी बहुधा एक ते तीन दिवसांनी उमटते. एक्स्टेन्शन करायचं असेल तर काही दिवस आधी डोळ्याच्या कोपऱ्यात दोन-चारच केस लावून पाहायला सांगा.

काही झालं नाही तरी पुरता भरवसा ठेवू नका. कोपराची कातडी पापणीपेक्षा जाड असते. आणि ॲलर्जी पहिल्याच वेळी येते असं नाही. वर्षानुवर्षं चाललेला गोंद एका सकाळी अचानक सोसेनासा होतो. "मी तर कायम हाच वापरते" हे वाक्य मी सुजलेल्या डोळ्यांच्या बायकांकडूनच जास्त ऐकलं आहे.

बाटलीवर उघड्या डबीचं चित्र आणि आत "६ एम" असेल, तर उघडल्यापासून सहा महिने. वास बदलला, गुठळ्या झाल्या, तर त्याआधीच फेकून द्या. बाटलीचं तोंड पापणीला टेकवू नका, आणि ती कुणाला उसनी देऊ नका. रांजणवाडी असेल, पापणीची कड लाल असेल, नुकतीच डोळ्याची शस्त्रक्रिया झाली असेल, तर तेव्हा कुठलाच गोंद नको. चुंबकी पापण्यांना गोंद लागत नाही हे खरं. पण त्यांच्या लायनरमध्ये लोहाचे कण असतात, तेव्हा एमआरआयच्या आधी ते सगळं आठवणीने काढायचं.

(दृश्य: दोन सारख्याच दिसणाऱ्या बाटल्या. एक डोळ्यांच्या थेंबांची, दुसरी नखांच्या गोंदाची.)

या दोन बाटल्या एका कप्प्यात कधीही ठेवू नका. नखांचा गोंद थेंब समजून डोळ्यात घातला गेल्याच्या घटना डॉक्टरांना नव्या नाहीत. असं झालंच तर पापण्या ओढून उघडू नका, कापू नका, ॲसिटोन तर जवळही आणू नका. कोमट पाण्याने बराच वेळ धुवा आणि लगेच नेत्रतज्ज्ञांकडे जा. चिकटलेल्या पापण्या बहुधा काही दिवसांत आपोआप सुटतात, पण आत बुबुळाला ओरखडा आहे का, हे त्यांनाच पाहू द्या.

(दृश्य: रात्र. आरसा. कापसाचा बोळा.)

आता काढायची वेळ. लेन्स असतील तर आधी त्या. मग गोंदावर जे लिहिलंय त्याने, कोमट पाण्याने किंवा तेलाच्या रिमूव्हरने, कापूस भिजवायचा आणि मिटलेल्या डोळ्यावर नुसता धरायचा. घासायचं नाही. मनात ३० पर्यंत मोजा. पट्टीचं बाहेरचं टोक उचलून पाहा. कातडी वर ताणली जात असेल तर गोंद अजून धरून आहे. कापूस पुन्हा ठेवा, पुन्हा मोजा.

(दृश्य: पट्टी सुटते. डोळा उघडतो. कापसावर आपला एकही केस नाही.)