म्हातारी कोंबडी आणि मैद्याच्या पट्ट्या

मंडळी, नमस्कार. आजचा विषय अमेरिकेच्या दक्षिणेकडच्या घरांतला, 'चिकन अँड डम्पलिंग्ज'. मघाशी चहाच्या वेळी कुणीतरी विचारलं, म्हणजे मोमोच ना? नाही. मोमोत सारण असतं, यात काहीच भरायचं नसतं. कोंबडी उकडायची, तिच्याच रश्श्यात मैद्याच्या पट्ट्या किंवा गोळे सोडून शिजवायचे, आणि कोंबडीचं सुटं केलेलं मांस परत त्यात घालायचं. आपल्या चकोल्या आणि शेंगोळे याच कुळातले. त्यामुळे पिठाचा भाग तुम्हाला मी काय शिकवणार? अडचण आहे ती कोंबडीची.

मी टेनेसीत बरीच वर्षं काढली. तिथल्या जुन्या बायका या पदार्थाबद्दल बोलायला लागल्या की आधी कोंबडीचं वय सांगतात. शेतावर कोंबडी पाळायची ती अंड्यांसाठी. अंडी देणारी कोंबडी कापणं म्हणजे चालतं उत्पन्न बंद करणं. कापली जायची ती अंडी द्यायची थांबलेली, दोन-तीन वर्षांची, चिवट. ती भाजून किंवा तळून दातांना दाद देत नाही. मंद आचेवर तीन-चार तास शिजवली, तरच. पण इतका वेळ शिजल्यावर जे पाणी उरतं, त्याला तोड नाही. आठ-दहा माणसांच्या घरात एक कोंबडी पुरणार कशी? म्हणून त्या पाण्यात पीठ. हा पदार्थ १९३०च्या मंदीत जन्मला असं बऱ्याच ठिकाणी सांगतात. मला ते पटत नाही. तो त्याहून जुना आहे. मंदीत तो जास्त वेळा शिजला असेल, इतकंच.

मग ही कोंबडी गेली कुठे? त्याची गोष्ट मजेशीर आहे. १९२३ साली डेलावेअर राज्यातल्या ओशन व्ह्यू गावी सेसिल स्टील नावाच्या बाईंनी अंड्यांसाठी ५० पिल्लं मागवली. चुकून आली ५००. त्यांनी परत न पाठवता ती वाढवली आणि मांसासाठी विकली. चांगला भाव मिळाला, पुढच्या खेपेला त्यांनी आणखी पिल्लं घेतली, शेजारीपाजारीही त्यात उतरले. फक्त मांसासाठी कोंबडी वाढवण्याचा अमेरिकेतला मोठा धंदा तिथून उभा राहिला, असं मानतात. तोवर कोंबडी ही चैन होती. १९२८च्या निवडणुकीत रिपब्लिकन पक्षाच्या जाहिरातीत घरोघरच्या भांड्यात कोंबडी शिजेल अशी भाषा होती, यावरूनच कळतं. आणि गंमत बघा, ज्या ससेक्स काउंटीत हे घडलं, तिथे निसरड्या पट्ट्यांची कोंबडी, म्हणजे याच पदार्थाचा पट्ट्यांचा प्रकार, आजही जिव्हाळ्याचा आहे.

आज तुम्ही दुकानातून आणता तो ब्रॉयलर पाच-सहा आठवड्यांचा असतो. मऊ असतो, लवकर शिजतो, पण रस्सा पाणचट. जुनी कृती त्याला जशीच्या तशी लावली की तासाभरात छातीचं मांस कापसासारखं होतं आणि पाण्याला चव नसते. परदेशातल्या आपल्या मंडळींकडून हीच तक्रार येते, आणि मग डब्यातलं सूप ओतून दाट केलं जातं. ते करू नका.

गावरान कोंबडी मिळाली तर उत्तम. अंड्यांच्या फार्मवरून काढून टाकलेली कोंबडी मिळाली तर त्याहून उत्तम, कारण ती हुबेहूब मूळच्या जागी बसते. नाहीच मिळाली, तर दीड किलोचा ब्रॉयलर कातडीसकट घ्या आणि खाटकाकडून सात-आठ पाय मागून घ्या. बहुतेकदा स्वस्तात मिळतात. नखं छाटा, गरम पाण्यात बुडवून पिवळी साल ओढून काढा. पायांत मांस नसतं, पण सगळी कातडी आणि स्नायूबंध. त्यातलं कोलॅजेन मंद आचेवर विरघळून जिलेटिन होतं, आणि रस्सा ओठांना किंचित चिकटतो. म्हातारी कोंबडी हे स्वतःच्या अंगातून देते, ब्रॉयलरला उसनं द्यावं लागतं.

सगळं मोठ्या पातेल्यात, वर चार बोटं पाणी, एक कांदा, एक गाजर, सेलरी मिळाली तर तिचा देठ, मीठ, दहा-बारा मिरे. पहिला फेस काढून टाका. पाणी खदखदू द्यायचं नाही, एखादा बुडबुडा वर यावा एवढंच. ब्रॉयलर असेल तर चाळीसएक मिनिटांनी बाहेर काढा, मांस सोडवून झाकून ठेवा, हाडं आणि कातडी परत पातेल्यात टाका आणि आणखी दोन तास विसरून जा. मग गाळा. कोल्हापूरकडच्या मंडळींना मी एवढंच सांगेन: मटणाचं अळणी जिथे थांबतं, तिथेच थांबायचं. फोडणी नाही, आलं-लसूण नाही. अमेरिकेच्या दक्षिणेतल्या कट्टर बायका तर मीठ-मिऱ्यापुढे जातच नाहीत. मला त्यांचं म्हणणं पटतं, कारण मसाला घातला की इतका वेळ रस्सा कशाला आटवला, हे कळेनासं होतं.

गाळलेला रस्सा थोडा निवला की वर तूप येतं. कोंबडीचं ते पिवळं तूप काढून ठेवा, पिठात तेच घालायचं.

आता पीठ. इथे दोन पंथ आहेत आणि दोघांचं पटत नाही. एक लाटणाऱ्यांचा. उत्तर कॅरोलायनाच्या पूर्वेकडे याला सरळ 'पेस्ट्री' म्हणतात. अडीचशे ग्रॅम मैदा, चमचाभर मीठ, तीन मोठे चमचे कोंबडीचं तूप बोटांनी चोळून, मग लागेल तसा कोमट रस्सा. भिजवून अर्धा तास ठेवा, पोळीपेक्षा जाड लाटा, दोन बोटं रुंद पट्ट्या कापा. वरचं पीठ झटकू नका, त्यानेच रस्सा दाट होतो. उकळत्या रश्श्यात एकेक पट्टी सोडा. एकदम टाकल्या तर गठ्ठा होतो. डाव फिरवायचा नाही, पातेलं कानांनी धरून हलवायचं. दहा-पंधरा मिनिटांत पट्ट्या निसरड्या आणि किंचित चिवट होतात.

दुसरा पंथ चमच्याने सोडणाऱ्यांचा. यात बेकिंग पावडर लागते. हार्वर्डचे रसायनशास्त्राचे प्राध्यापक एबेन हॉर्सफर्ड यांनी १८५६ साली तिच्यातल्या फॉस्फेटच्या आम्लाचं पेटंट घेतलं. दोनशे ग्रॅम मैदा, दोन चहाचे चमचे पावडर, अर्धा चमचा मीठ, तीन चमचे पातळ केलेलं लोणी आणि पाऊण कप बटरमिल्क. तिकडचं आजचं बाजारी बटरमिल्क दाट असतं, आपलं ताक घातलं तर पीठ वाहून जाईल. घट्ट दही थोडं दूध घालून घुसळा, काम होतं. जेमतेम कालवा, गुठळ्या राहू द्या. जास्त मळलं की गोळे रबरी. चमच्याने रश्श्यावर सोडा, झाकण ठेवा, आच मंद, आणि पंधरा मिनिटं झाकण उघडायचं नाही. खालची बाजू रश्श्यात शिजते, वरची कोंडलेल्या वाफेवर. वाफ गेली की वरचा भाग कच्चा राहतो.

अमेरिकेच्या दक्षिणेत मैदाही वेगळा असतो. टेनेसीतल्या नॉक्सव्हिलमध्ये १८८३ साली सुरू झालेली व्हाइट लिली गिरणी मऊ गव्हाचा, कमी प्रथिनांचा मैदा दळायची. ती नॉक्सव्हिलची गिरणी २००८ साली बंद झाली. गोळ्यांना तो मैदा फार मानवतो. आपल्याकडे बाजारचा मैदा वापरा आणि प्रत्येक कपातला दोन चमचे काढून तिथे कॉर्नफ्लोअर घाला.

मला विचाराल तर मी लाटणाऱ्यांच्या बाजूची. गोळे दिसायला गुबगुबीत, पण रस्सा पितात आणि चव पिठाची देतात.

शेवटी मांस घालायचं, मिरपूड भरपूर, मीठ चाखून.

कुणी विचारलं, कुकर चालेल का? गावरान कोंबडीसाठी जरूर, पहिली शिट्टी झाली की आच बारीक करून चाळीस मिनिटं. ब्रॉयलर असेल तर फक्त हाडं आणि पाय कुकरला लावा, मांस बाहेरच. पट्ट्या मात्र कुकरमध्ये नकोत, लापशी होते. आणि उरलं तर रस्सा व पट्ट्या वेगवेगळ्या डब्यांत ठेवा, नाहीतर रात्रीत सगळा रस्सा जिरतो. कच्च्या पट्ट्या पीठ भुरभुरून फ्रीझरमध्ये महिनाभर राहतात. वापरताना वितळवायच्या नाहीत, तशाच उकळत्या रश्श्यात सोडायच्या.