सकाळी वड, संध्याकाळी बैल

श्रोतेहो, नमस्कार.

यंदा, 2026 साली, अधिक ज्येष्ठ आहे. 17 मे ते 15 जून धोंड्याचा महिना, म्हणजे जावयांची चंगळ. त्यामुळे निज ज्येष्ठाची पौर्णिमा लांबली. तारीख लक्षात ठेवा, 29 जून, सोमवार. त्या दिवशी वटपौर्णिमा, आणि आपल्या बेळगाव, निपाणी, चिकोडी भागात त्याच दिवशी कारहुणवीसुद्धा, म्हणजे आपला बैलांचा सण. विदर्भ-मराठवाड्यात पोळा श्रावणी अमावास्येला, तिथल्या बायका सुटल्या. आपल्याकडे बाई उपाशी आणि बैलासाठी पुरण तीच वाटणार! कानडी असो, मराठी असो, महिना दोघांचाही अमावास्येला संपतो, म्हणून तिथी जुळते.

आता माझ्या आत्याची गोष्ट. तिचं सासर निपाणीकडं. पुरणाच्या रगाड्यात तिला वडाला जायला दिवस कलला. वड अगदी वेशीला लागून. वेशीत कर बांधलेली, म्हणजे आडवी दोरी, तिला पाला. पळत येऊन जो बैल ती तोडेल तो मानाचा. पांढऱ्यानं तोडली तर शाळू, म्हणजे रब्बीची ज्वारी, चांगली, तांबड्यानं तोडली तर खरीप, असं जुनी माणसं सांगतात.

आत्याचे पाच फेरे झाले, हातात सुताची गुंडी. तेवढ्यात हलगी कडाडली, बैल सुटले. त्यातला एक बांडा, म्हणजे दोन रंगांचा, शिंगाला हिंगूळ, बेगड, गोंडे, सगळा थाट. कर राहिली बाजूला, हा वळला वडाकडं! त्याला ताटातल्या आंब्यांचा वास लागलेला. रायवळच होते. (उगाच हापूस हापूस करतात लोक, रसाला रायवळच हवा.) दोन आंबे कोयीसकट गट्टम, वाणाचं केळं गट्टम, आणि मान वर करतो तर सूत शिंगात. बिचकला आणि पळाला. गुंडी उलगडत आत्याच्या हातातून निघाली, आणि तो बांडा सूत ओढत वेशीतनं गेला, कर तोडूनच!

पारावर आजेसासू बसलेली. ती म्हणाली, "झालं बाई! आता सात जन्म ह्येच्यासंगट काढ." आत्याचे यजमान मागनं पळत आले, धोतर सावरत. त्यांच्याकडं बघून म्हातारी पुन्हा म्हणाली, "लई फरक न्हाई पडायचा."

वर चावडीवर वाद पेटला तो वेगळाच. बांडा बैल ना पांढरा, ना तांबडा. मग पिकणार काय?

असो. बाजारातली वडाची फांदी आणून कुंडीत पुजणं मला काही पटत नाही. जिवंत झाड तोडून कसली पूजा?

आणि कारहुणवीचं एकच सांगते. बैलाला पोळी एखादीच, आपल्या हातानं. पुरण, पीठ, गूळ घमेलंभर घालू नका. पोट फुगतं, आणि मग रात्री जनावरांच्या डॉक्टरांना फोन. एखादीच पोळी, बाकी नेहमीची वैरण.

नमस्कार.